बट्टा

धाकट्याचा फोन आला तेव्हा ती हात धुऊन नुकती डबा उघडत होती. "ताई, घर विकलं," तो म्हणाला. "कुठलं घर?" तिनं विचारलं. विचारायची खरं तर काही गरज नव्हती. त्या दोघांच्या आयुष्यात ज्याला नुसतं घर म्हणावं असं एकच होतं, खाडीकडच्या खालच्या गल्लीतलं, वडिलांनी बांधलेलं. वडिलांच्या मागं ते धाकट्याकडे गेलं होतं. हिनंच आपण होऊन हक्कसोड लिहून दिली होती, कारण वडिलांचं शेवटचं दुखणं त्यानं काढलं होतं, हिनं नाही. "अगं, आपलं. खालचं. भाव बरा आला. इसार घेतलाय, मंगळवारी खरेदीखत. म्हटलं, तुला आधी सांगावं." घासात खडा यावा तसा तो 'आधी' तिच्या दाताखाली आला. इसार घेऊन झाला, तारीख ठरली, आणि हे आधी? त्याचा आवाज नेहमीसारखाच होता. तिला वाटलं, जरा जास्तच नेहमीसारखा होता. माणूस सहज बोलतो तेव्हा मध्येच खोकतो, अडखळतो. हा एकदाही अडखळला नाही. "बरं केलंस," ती म्हणाली, फोन ठेवला, आणि डब्याचं झाकण पुन्हा लावून टाकलं.

समोरच्या मोठ्या टेबलावर नकाशा पसरलेला होता. शहराच्या पूरनियंत्रण विभागातल्या नकाशाच्या खोलीत ती सव्वीस वर्षं रेघा ओढत होती. आधी शाईनं, मग यंत्रावर. पण शेवटच्या प्रतीवरची रेघ अजून ती हातानंच ओढायची, म्हणून खोलीतले लोक तिला रेघबाई म्हणत. तोंडावरही म्हणत. तिला त्याचं काही वाटत नसे, उलट बरंच वाटे. रेघ म्हणजे कसं, इकडची बाजू आणि तिकडची बाजू, मध्ये बोलायला जागाच नाही. खाडीचं पाणी वर्षावर्षाला चढत होतं, दर वादळाला ते आणखी एक रस्ता आत येत होतं, आणि सगळ्या किनाऱ्याला बांध घालायला शहराकडे पैसे नव्हते. तेव्हा कुठल्या वस्तीपुढे बांध घालायचा आणि कुठली वस्ती सोडायची, हे ठरवायचं होतं. ते ठरलं होतं. तीन आठवड्यांपूर्वी तिनं ती जाड लाल रेघ ओढली होती, आणि खालची गल्ली, एक्केचाळीस घरं, रेघेच्या बाहेर पडली होती. त्यातलं सतरावं घर वडिलांचं. रेघ ओढून झाल्यावर तिनं पेन्सिलीचा भुगा फुंकरीनं उडवला होता आणि प्रत साहेबांकडे पाठवली होती. साहेब म्हणाले होते, "सभेत ठराव होईपर्यंत हे या खोलीबाहेर जाता कामा नये. बातमी फुटली की भाव पडतील, भाव पडले की लोक बुडतील. पाण्याच्या आधी आपणच बुडवल्यासारखं होईल." मग सगळ्यांच्या सह्या घेतल्या. हिनंही केली. तेव्हा तिला ते पटलंही होतं. आता धाकट्याचा फोन ठेवल्यावर त्याच वाक्याला तिला दुसऱ्या बाजूनं शिवण दिसू लागली. बातमी न फुटली तर भाव टिकतात, खरं. पण टिकलेल्या भावाचा उपयोग कुणाला? ज्याला आधी कळतं त्याला. आणि आधी कुणाला कळतं? साहेबांच्या मेहुण्यानं खाडीकाठचा प्लॉट उन्हाळ्यातच काढून टाकला, असं शिपाई एकदा म्हणाला होता. तेव्हा तिनं त्यालाच झापलं होतं, "नसत्या चांभारचौकशा कशाला करतोस?"

ही रेघ ठरवायला बाहेरून एक अर्थतज्ज्ञ आणले होते. पोरगेलासा चेहरा, इस्त्रीचे कपडे, बोलणं मऊ. खोलीतल्यांनी त्यांचं नाव पहिल्याच दिवशी आकडेमोड्या ठेवलं. वाईट माणूस नव्हता. कुणाचं वाईट चिंतत नव्हता. प्रत्येक वस्तीपुढे तो दोन आकडे मांडायचा. बांधाला खर्च किती, आणि बांध घातल्यानं वाचेल किती. खालच्या गल्लीत एक रुपया खर्चला तर पाऊण वाचत होता. टेकाडाखालच्या बंगल्यांत एक खर्चला तर तीन. "पण बंगल्यांत माणसं कमी आहेत," ती एकदा म्हणाली होती. "माणसं मोजलीत ना," तो म्हणाला. "घरंही मोजलीत. घरांची किंमत बाजार ठरवतो, मी नाही." मग तिला समजावं म्हणून त्यानं तिच्याच पेन्सिलीनं कागदाच्या कोपऱ्यात लिहून दाखवलं. तीस वर्षांनी वाचणारे शंभर म्हणजे आजचे तेवीस. साठ वर्षांनी वाचणारे शंभर म्हणजे आजचे पाच. "याला बट्टा म्हणतात, ताई. पुढचा पैसा आज मोजायचा तर त्यातून बट्टा कापावा लागतो. सगळीकडे असंच करतात." "आणि साठ वर्षांनी तिथं राहणारा माणूस?" तिनं विचारलं. तो जरा हसला, ओशाळून म्हणता येईल असं. "तोही त्या शंभरातच येतो." "बट्टा कापून?" "बट्टा कापून." तेव्हा तीही हसली होती. बट्टा हा शब्द तिला माहीत होता तो आईच्या तोंडचा. नावाला बट्टा लागेल असं वागू नका. हा माणूस तोच शब्द किती स्वच्छ करून बोलतो, असं तिच्या मनात आलं होतं. आणि दर किती कापायचा, वर्षाला शेकडा पाच की दोन, हे कोण ठरवतं, असं विचारायचं तिच्या ओठांवर आलं होतं. दोन कापला असता तर गल्ली रेघेच्या आत आली असती, इतपत गणित तिलाही येत होतं. पण तेवढ्यात चहा आला आणि विचारायचं राहिलं. राहिलं म्हणजे काय, राहू दिलं.

दुपारभर ती नकाशासमोर बसून होती आणि नकाशा पाहत नव्हती. ती एक संध्याकाळ पाहत होती. रेघ ओढली त्याच आठवड्यातली. काम उरकेना म्हणून तिनं नकाशाची एक लहान प्रत घरी नेली होती. नेऊ नये असा नियम होता, पण तो सगळेच मोडत. जेवणाच्या टेबलावर ती प्रत उघडी होती आणि दाराची घंटा वाजली. धाकटा. त्याचं चष्म्याचं दुकान तिच्या घरापासून दोन चौक पलीकडे, पण तो असा न कळवता कधी यायचा नाही. "इकडूनच चाललो होतो." ती म्हणाली, "बस, चहा टाकते," आणि स्वयंपाकघरात गेली. किती वेळ होती ती आत? दूध उतू गेलं होतं, ओटा पुसावा लागला होता. खरंच उतू गेलं होतं? की ती तिथं नुसती उभी होती, दुधाकडे बघत, वर येऊ देत? बाहेर आली तेव्हा तो खिडकीपाशी उभा राहून रस्ता बघत होता. टेबलापासून लांब. इतका लांब, की आता तेच तिला खटकत होतं. लहानपणी पत्ते खेळताना तो असाच करायचा. हिचे पत्ते डोकावून पाहायचा, आणि हिला संशय येऊ नये म्हणून मग एक डाव मुद्दाम हरायचा. हरताना इतका खरा रडवेला व्हायचा की वडील म्हणायचे, "तू मोठी आहेस ना, दे त्याला एक डाव." वडील खाडीतल्या बोटींची इंजिनं दुरुस्त करायचे. त्यांना कधी कुणाचा संशय आला नाही. एका वर्षी विहिरीचं पाणी मचूळ लागू लागलं, तर त्यांनी पंप खोलून सगळा साफ केला, पुन्हा जोडला, ओंजळभर पाणी चाखलं आणि म्हणाले, "पंपातच काहीतरी असणार." पाणी पुढं खारट होत गेलं. ते पंपच बदलत राहिले. भोळा माणूस किती सुखात राहतो, असं तिला तेव्हा वाटायचं. आता वाटलं, भोळेपणाही एक सोय असेल. आपल्यालाच आपण न सांगितलेलं बरं.

शनिवारी ती दुकानात गेली. गिऱ्हाईक नव्हतं. धाकटा काउंटरमागं बसून एका चष्म्याचा स्क्रू पिळत होता. तिला पाहून त्यानं स्टूल पुढं सरकवलं, आणि तिला पुन्हा वाटलं, हा वाटच पाहत होता. "कुणी घेतलं घर?" "तिथल्याच एक बाई आहेत. गल्लीत भाड्यानं राहतात. इस्पितळाच्या धुलाईखान्यात काम करतात. सासू आणि त्या, दोघीच. पै पै जमवून घेतायत बिचाऱ्या." बिचाऱ्या हा शब्द तो बोलला आणि पुन्हा स्क्रू पिळू लागला. मग ती म्हणाली, "त्या दिवशी तू आला होतास." "हो." "टेबलावर कागद होता." "होता." त्यानं स्क्रू खाली ठेवला. नाकबूल करील, निदान अडखळेल, अशी तिची अपेक्षा होती, आणि ती पुढची चार वाक्यं मनात तयार ठेवून आली होती. तो म्हणाला, "ताई, सव्वीस वर्षं तू तिथं काम करतेस. मी हजार वेळा तुझ्याकडे आलोय. तू कधी कागद उघडा ठेवून उठली नाहीस. आतल्या खोलीत नेऊन ठेवतेस, वर पुस्तक ठेवतेस. त्या दिवशी उघडा ठेवलास आणि चहाला वीस मिनिटं लावलीस. मला वाटलं, तू सांगतेयस."

"मी काही सांगितलं नाही."

"सांगितलं नाहीस. दाखवलंस."

"मी दाखवलं नाही."

"बरं, नाही दाखवलंस," तो शांतपणे म्हणाला. "मग एक सांग. मी तो कागद पाहिलाच नसता, तर तू मला कधी सांगणार होतीस? ठराव झाल्यावर? घराची किंमत माती झाल्यावर? तुझ्या सहीपायी तू मला तिथं बसू दिलं असतंस?" कुठल्याही बाजूनं गेलं तरी भिंतच लागत होती. दाखवलं असेल तर त्या धुलाईखान्यातल्या बाईला बुडवण्यात आपला हात. दाखवलं नसेल तर सख्ख्या भावाला. "त्या बाईंना सांगितलंस?" तिनं विचारलं. "काय सांगू? बाई, हे घर घेऊ नका, बुडणार आहे, माझी बहीण म्हणते? तुझी नोकरी राहील?" मग जरा थांबून, "आणि मी तरी काय करू, ताई? कुणीतरी शेवटचा असणारच. ज्याच्या हातात राहील तो. मी नाही तर त्या, त्या नाही तर आणखी कुणी. मी जगाचा बांध घालू?" तो रडवेला झाला होता. हे रडवेलेपण खरं की डाव हरतानाचं, हे तिला सांगता येईना. आणि तिला आणखीच वाईट वाटलं ते याचं, की ते खरं असलं तरी आता उपयोग नव्हता. ती त्याला पुरेपूर ओळखत होती असं तिला पन्नास वर्षं वाटत आलं होतं. त्यानंही तिला तसंच ओळखलेलं होतं, वीस मिनिटं मोजून. ती उठली. "चहा घेऊन जा," तो म्हणाला. "नको," ती म्हणाली.

सोमवारी ती कामावर गेली, नकाशाची एक प्रत काढली, चार घड्या घालून पिशवीत टाकली आणि डोकं दुखतंय सांगून अकरालाच बाहेर पडली. शिपायानं जिन्यात पाहिलं. त्यानं पिशवीकडे पाहिलं की तिच्याकडे, कळलं नाही. खालच्या गल्लीकडे जाताना तिला वाटत होतं, सगळेच जरा जास्त बघतायत. पानटपरीवाला बघतोय, सायकल दुरुस्त करणारा बघतोय, पाय पसरून बसलेलं कुत्रंसुद्धा. गल्लीत ती चार वर्षांत आली नव्हती. गटाराच्या कडेला पांढरा खारट थर धरला होता, घरांच्या भिंती गुडघाभर उंचीपर्यंत पोपडल्या होत्या आणि लोकांनी त्यावर नवा रंग मारला होता. फार नाही, गुडघाभरच. कुणी दारात मशीन लावून शिवत होतं, कुणी टीव्ही मोठ्यानं लावला होता. ही माणसं वेडी आहेत का, असं तिच्या मनात आलं, आणि लगेच दुसरं आलं, यांना यातून जायला कुणी वाट दिली होती?

धुलाईखान्यातल्या बाईंची कामाची पाळी संध्याकाळची होती, म्हणून त्या घरी होत्या. चाळिशीच्या, वाफेनं हात लाल झालेले, नखं बारीक कापलेली. खोली एकच. पलंगावर सासूबाई पाय वर घेऊन बसलेल्या. "तुम्ही घेताय त्या घराच्या मालकांची मी बहीण," तिनं सांगितलं, आणि त्या बाईंचा चेहरा दाराला कडी घालावी तसा बंद झाला. "या," त्या म्हणाल्या, पण बसा म्हणाल्या नाहीत. तिनं सांगायला सुरुवात केली. हे घर घेऊ नका. बांध येतोय, पण तो गल्लीच्या मागून जाणार आहे. पुढच्या पाच-सहा वर्षांत इथं राहता येणार नाही, दहात नक्कीच नाही. नुकसानभरपाई मिळेल की नाही ते ठरलेलं नाही, मिळालीच तर त्या दिवसाच्या भावानं, म्हणजे जवळजवळ शून्य. बोलताना तिच्या लक्षात आलं, आपण फार भराभर बोलतोय, खोटं बोलणाऱ्यासारखं.

त्या बाईंनी सगळं ऐकून घेतलं. मग हात पदराला पुसत म्हणाल्या, "ताई, राग मानू नका. पण भावाला घर गेलं, तुम्हाला काही मिळालं नाही, हे आम्हाला गल्लीत माहीत आहे. आता विकायला निघाल्यावर तुम्ही येऊन असं सांगताय. मी मोडता घातला, की भाव खाली येणार. मग कोण घेणार? तुम्हीच ना?"

"अहो, मला कशाला हवंय ते घर?"

"ते मला कसं कळणार?" त्या म्हणाल्या. आवाज चढला नव्हता. "पाणी चढतंय हे काय मला माहीत नाही? दर वर्षी पलंगाखाली विटा मी ठेवते. पण शहराचा बांध येतोय म्हणतात. त्या भरवशावर तर इसार दिला. आयुष्यभर भाडं भरण्यापेक्षा आपलं म्हणून चार भिंती. इस्पितळातल्या साहेबांनासुद्धा विचारलं मी. म्हणाले, घ्या, बांध झाला की भाव दुप्पट."

सासूबाई पलंगावरून म्हणाल्या, "भांडण भावाबहिणीचं, आणि उंबरठा आमचा झिजवताय होय? वाटणीचं काय ते घरी जाऊन करा, बाई." आणि मग सुनेला, "हिला पाणी तरी दे. उन्हातनं आलीय."

तिला हसू आलं. सव्वीस वर्षांत पहिल्यांदा आपण खरं बोलायला बाहेर पडलो आणि एक माणूस विश्वास ठेवेना. तोंडी सांगितलं एवढ्यावर थांबता आलं असतं. आपण सांगितलं होतं, पुढं त्यांचं नशीब. सही मोडल्याचा पुरावा नाही आणि मनालाही समजावता येईल, अशी ती जागा होती. तिला ती जागा नीट ओळखीची वाटली. दूध वर येताना ती जिथं उभी होती, तीच. तिनं पाण्याचा पेला खाली ठेवला, पिशवीतून कागद काढला आणि फरशीवर उलगडला. विभागाचा शिक्का वर येईल असा.

धुलाईखान्यातल्या बाई गुडघ्यांवर बसल्या. नकाशा वाचता येत नाही असा माणूस आधी आपलं घर शोधतो. त्यासाठी त्यांनी इस्पितळ शोधलं, मग तिथून रोजची पायवाट बोटानं चालत खाली आल्या, पूल, पिठाची गिरणी, उतार, आणि गल्लीच्या तोंडाशी यायच्या आधीच बोट लाल रेघेवरून पलीकडे गेलं. त्या थांबल्या. बोट मागं घेतलं, पुन्हा तीच वाट चालून पाहिली. पुन्हा रेघ ओलांडावी लागली. पलंगावरून सासूबाईंनी विचारलं, "काय गं? खरं आहे का?" त्यांनी होकारार्थी मान हलवली. मग वर पाहून तिला म्हणाल्या, "ही बाकीची घरं?"

"तीही."

"सगळी?"

"एक्केचाळीस."

"आणि तुम्ही फक्त आम्हालाच सांगायला आलात?"

हे तिनं मनात धरलंच नव्हतं. ती सतराव्या घरापुरती आली होती. आपल्या रक्ताच्या माणसानं केलेल्या सौद्यापुरती, आपल्या वाट्याचा डाग धुण्यापुरती. बाकीची चाळीस घरं आताही तिच्या लेखी नकाशातले लहान चौकोनच होते. आकडेमोड्याला ती मनातल्या मनात शिव्या देत आली होती, पण बट्टा तिनंही कापला होता. जो दूरचा त्याचा जास्त, जो जवळचा त्याचा कमी. "मी..." ती म्हणाली.

त्या बाई उठल्या. दारात जाऊन त्यांनी हाक मारली, आधी समोरच्या घराला, मग शिवणाऱ्या बाईला, मग गल्लीच्या टोकापर्यंत जाईल अशी. टीव्ही बंद झाला. चपलांचे आवाज आले. त्या चार-पाच मिनिटांत कागदाची घडी घालून मागच्या दारानं निघून जाता आलं असतं. घर वडिलांच्या घराच्याच नमुन्याचं होतं, मागचं दार कुठं उघडतं ते तिला माहीत होतं. ती फरशीवर बसून राहिली. पुढं जे व्हायचं ते झालं. चौकशी बसली, निवृत्तीला चार वर्षं राहिली असताना नोकरी गेली, सौदा मोडला, धाकट्यानं इसार परत केला पण हिच्याशी बोलणं टाकलं. गल्लीनं आकडेमोड्याच्या आकड्यांवर हरकत घेतली, पाच कुठून आले, दोन का नाहीत, हे भर सभेत विचारलं, आणि त्याचा निकाल अजून लागायचा आहे. भाव मात्र साहेब म्हणाले होते तसे आठवड्यात पडले. त्यासाठी गल्लीतल्या काही घरांनी तिला शिव्याशापही दिले, आणि त्यांचं काही चुकलं असं तिला वाटलं नाही.

पण त्या दुपारी अजून यातलं काही झालं नव्हतं. खोलीत दहा-बारा माणसं दाटीवाटीनं उभी होती, कुणी ओणवं होऊन, कुणी एकमेकांच्या खांद्यावरून कागद पाहत होतं. कुणी म्हणत होतं खोटं आहे, कुणी म्हणत होतं शिक्का बघ. एक म्हातारा पुढं आला. वडिलांच्या बरोबरीचा असावा, कदाचित त्यांना ओळखतही असावा. तिनं त्याच्या डोळ्यांकडे पाहायचं टाळलं. त्यानं अंगठ्यानं ती लाल रेघ दाबली, जणू पुसते का ते बघावं, आणि विचारलं, "ही ओढली कुणी?"

तिच्या तोंडात उत्तर तयार होतं. सव्वीस वर्षं ती ज्या भाषेत कागद लिहीत आली होती, त्या भाषेत कुणीच काही करत नसे, सगळं आपोआप होत असे. रेषा निश्चित करण्यात आली आहे. सदर वस्ती वगळण्यात आली आहे. त्यात माणूस कुठं सापडायचाच नाही. ते वाक्य तिच्या जिभेपर्यंत आलं होतं.

"मी," ती म्हणाली. "मी ओढली."

मग पलंगावरच्या सासूबाई जराशा भिंतीकडे सरकल्या आणि मोकळ्या झालेल्या जागेवर त्यांनी हात आपटला. "खाली नको बसू," त्या म्हणाल्या. "इथं वर बस, म्हणजे सगळ्यांना ऐकू येईल. आणि पहिल्यापासून सांग."